हाकोदाते एका दिवसात: खासगी गाइड घ्यावा का?

सुरंगी

ऑक्टोबरच्या मध्यावर आम्ही चौघं जपानला निघतोय. मी, नवरा आणि माझे आईबाबा. टोकियो-क्योतोचं ठरलंय, त्यावर इथे भरपूर लिहिलं गेलंय, म्हणून ते पुन्हा विचारत नाही. प्रश्न आहे तो पुढच्या, उत्तरेकडच्या होक्काइदो बेटाचा. बाबांची सगळी नोकरी रेल्वेत गेली. त्यांना शिंकान्सेनने (बुलेट ट्रेन) समुद्राखालच्या सेइकान बोगद्यातून (५३.८५ किमी!) जायचंच आहे, ते ऐकायला तयार नाहीत. बोगद्यापलीकडे पहिलं मोठं गाव हाकोदाते, त्यामुळे दोन रात्री तिथे मुक्काम ठेवलाय. मधला एक पूर्ण दिवस हातात आहे.

सकाळचा बाजार, मोतोमाचीतली जुनी वस्ती आणि चर्चेस, गोर्योकाकुचा ताऱ्याच्या आकाराचा किल्ला, आणि रात्री डोंगरावरून दिसणारे शहराचे दिवे, एवढं डोक्यात आहे. एका इंग्रजी बोलणाऱ्या गाइडकडून आठ तासांचा दर आलाय, चाळीस हजार येनच्या आतबाहेर. माणशी नाही, पूर्ण गटासाठी. ट्राम-टॅक्सी, प्रवेश तिकिटं आणि गाइडचं दुपारचं जेवण आपल्याकडे.

आई सत्तरीची आहे, चालते बरी, पण चढ आणि पायऱ्या आल्या की गुडघे बोलतात. बाबा पक्के शाकाहारी, अंडंही नाही. एवढ्या लहान गावात एवढे पैसे घालून गाइड घेण्यात अर्थ आहे का? कोणी घेतला असेल तर अनुभव सांगा.

भटकभवानी

अजिबात नको. हाकोदाते हे स्वतःचं स्वतः फिरण्यासाठीच बनलेलं गाव आहे. ट्रामचे दोनच मार्ग, क्रमांक २ आणि ५. जिथे जायचंय तिथे सगळीकडे पोचवतात. दिवसाचा पास काढा आणि वाट्टेल तितकं चढा-उतरा. मोतोमाचीत इंग्रजी पाट्या आहेत, गोर्योकाकुच्या मनोऱ्यावर इतिहासाचे देखावे मांडलेत. मी एकटी फिरले, कुठे अडलं नाही. त्या चाळीस हजारात चौघं एक रात्र युनोकावाच्या गरम झऱ्याच्या हॉटेलात राहाल, शिवाय आईंच्या गुडघ्यांना त्याचा जास्त फायदा होईल.

तोरणा७६

भवानीताईंशी अर्धा सहमत. पाट्या आहेत, पण पाटीला उलट प्रश्न विचारता येत नाही. सत्तरीच्या माणसांना घेऊन फिरताना गाइडचा खरा उपयोग इतिहासाला नसतो. स्वच्छतागृह कुठे, बसायला बाक कुठे, कुठला रस्ता कमी चढाचा, हे त्याला ठाऊक असतं, त्यासाठी तो हवा.

कासाईकर

मी टोकियोत राहतो, निशी-कासाईला (हो, तेच, जिथे भाजीवाल्याकडे कढीपत्ता मिळतो). भारतातून पाहुणे आले की उत्तरेला घेऊन जाणं हे माझ्याकडे आपसूक आलेलं काम. आधी गाइड ठरवण्याबद्दल लिहितो, कारण तिथे गोंधळ फार होतो.

जपानमध्ये सरकारी परीक्षा देऊन परवाना मिळवलेले दुभाषे-गाइड असतात. परीक्षा अवघड, भाषेबरोबर इतिहास, भूगोल, सामान्य ज्ञान सगळं. पूर्वी पैसे घेऊन परदेशी भाषेत गाइडचं काम करायला हा परवाना सक्तीचा होता. जानेवारी २०१८ पासून कायदा बदलला, आता बिनपरवान्याचा माणूसही हे काम करू शकतो, फक्त स्वतःला परवानाधारक म्हणवू शकत नाही. म्हणून विचारताना सरळ विचारा, परवाना आहे का. बिनपरवान्याचा वाईटच असतो असं नाही, पण दर तोच सांगत असेल तर प्रश्न विचारायचा हक्क आपला.

दुसरी गोष्ट गाडीची. गाइड म्हणाला की ‘माझ्या गाडीतून फिरवतो’, तर थांबा. जपानमध्ये भाडं घेऊन प्रवासी नेणाऱ्या गाडीला वेगळा परवाना लागतो आणि तिची नंबरप्लेट हिरवी असते, पांढरी अक्षरं. पांढऱ्या प्लेटच्या खासगी गाडीतून पैसे घेऊन फिरवणं बेकायदा आहे, आणि अपघात झाला तर विम्याचं काय होईल हा विचारच नको. त्यामुळे खासगी गाइड म्हणजे बहुतेक वेळा पायी आणि ट्रामने. गाडी हवी असेल तर तासावर मिळणारी पर्यटन टॅक्सी वेगळी घ्यायची. सुरंगी, तुझ्या आईसाठी मला तेच बरं वाटतं: गाइड अर्धा दिवस, आणि चढाच्या टप्प्यांना नेहमीची टॅक्सी. अंतरं लहान आहेत, चौघं मिळून फार पडत नाही. मात्र गाइड धरून पाच डोकी होतात आणि साध्या टॅक्सीत चारच प्रवासी बसतात, तेव्हा मोठी गाडी आधी सांगून ठेव.

टीप द्यायची नाही. आग्रह केलात तर समोरच्याची पंचाईत होते. घरून चिक्की, आवळा कँडी असं काही नेलंत तर आनंदाने घेतील.

मोडीवाचक

गाइड घ्या असं माझं मत, पण कारण वेगळं. हाकोदाते हे पाहण्यापेक्षा ऐकण्याचं गाव आहे. तिथे पाच-सहा चर्चेस आणि एक किल्ला पाहून ‘छान होतं’ म्हणून परत येणारे पुष्कळ. पण काय घडलंय तिथे!

१८५४ साली पेरीच्या अमेरिकन आरमाराशी तह झाला, त्यात जपानने दोन बंदरं उघडली, शिमोदा आणि हाकोदाते. पेरी स्वतः इथे येऊन गेला. १८५९ पासून रीतसर व्यापार सुरू झाला. परदेशी तोफांची धास्ती होतीच, म्हणून १८५७ मध्ये गोर्योकाकु बांधायला घेतला. ताकेदा आयासाबुरो या विद्वानाने युरोपीय पद्धतीचा पंचकोनी तारा आखला, म्हणजे भिंतीच्या कुठल्याही बाजूला चढणाऱ्यावर शेजारच्या टोकावरून मारा करता यावा. बाहेर प्रत्येक खाचेसमोर एक त्रिकोणी बुरूज बांधायचा बेत होता, पैसे संपले, एकच झाला. मनोऱ्यावरून पाहाल तेव्हा तो एकुलता एक शोधा.

आणि ज्यांच्यासाठी बांधला त्यांच्या कामी तो आलाच नाही. १८६८ मध्ये शोगुनची (लष्करी सत्ताधीशाची) सत्ता गेली. एनोमोतो ताकेआकी हा शोगुनच्या आरमाराचा उपप्रमुख, हॉलंडमध्ये शिकून आलेला. तो जहाजं घेऊन उत्तरेला निसटला आणि त्याने हाच किल्ला घेतला. बरोबर ज्यूल ब्रुने आणि काही फ्रेंच अधिकारीही होते. तिथे त्यांनी चक्क मतदान घेऊन आपला प्रमुख निवडला (मत फक्त अधिकाऱ्यांना, पण तरी). १८६९ च्या उन्हाळ्यापर्यंत ते राज्य टिकलं. शिन्सेनगुमी या शोगुनच्या बाजूच्या सामुराई पथकाचा हिजिकाता तोशिझो इथेच लढताना पडला.

शेवटचा प्रसंग मला फार आवडतो. हरणार हे दिसल्यावर एनोमोतोने हॉलंडहून आणलेलं सागरी कायद्यावरचं पुस्तक शत्रूचा सेनापती कुरोदा कियोताका याच्याकडे पाठवलं. हे आगीत जाऊ नये, पुढे देशाला लागेल. कुरोदाने उलट साकेची (तांदळाच्या दारूची) पिंपं धाडली. शरणागतीनंतर एनोमोतोचा जीव वाचावा म्हणून कुरोदाने डोकं भादरून घेतलं. एनोमोतो सुटला, पुढे १८७५ चा रशियाशी तह त्यानेच केला, नंतर मंत्रीही झाला.

हे पाटीवर चार ओळींत येतं. सांगणारा असेल तर अंगावर येतं.

भटकभवानी

मोडीवाचक, तुम्ही हे सगळं तिथे न जाताच किंवा गाइड न घेताच वाचलंत ना? मग सुरंगीही वाचेल. झालं की.

मोडीवाचक

जाऊन आलोय, आणि गाइड घेऊनच गेलो होतो. गोर्योकाकुचं वाचलं होतं, ‘हेक्केत्सुहि’चं वाचलेलं नव्हतं. हाकोदाते डोंगराच्या पायथ्याशी झाडीत हे स्मारक आहे. युद्ध संपल्यावर जिंकलेल्या बाजूची प्रेतं रीतसर पुरली गेली, हरलेल्यांची रस्त्यात पडून राहिली, हात लावायची कोणाची छाती नव्हती. यानागावा कुमाकिची नावाच्या एका स्थानिक दादामाणसाने आपली माणसं लावून, देवळांची मदत घेऊन ती गोळा केली आणि पुरली. १८७५ मध्ये तिथे दगड उभा राहिला. माझ्या हातातल्या एकाही सहलीच्या यादीत ती जागा नव्हती. गाइडला ‘हरलेल्यांचं काय झालं’ असं विचारलं म्हणून त्याने नेलं. (चढ आहे. सुरंगी, आईंना नको.)

पिंगळा

अवांतर, पण राहवत नाही. पक्षी पाहणाऱ्यांसाठी हाकोदाते हे तीर्थ आहे. थॉमस ब्लॅकिस्टन नावाचा इंग्रज व्यापारी १८६१ ते १८८४ इथे राहिला. लाकडाचा धंदा करता करता पक्षी गोळा केले आणि त्याच्या लक्षात आलं की होन्शू या मुख्य बेटाच्या आणि होक्काइदोच्या मधल्या त्सुगारूच्या सामुद्रधुनीच्या अलीकडचे आणि पलीकडचे प्राणी-पक्षी वेगळे आहेत. होन्शूत माकडं आणि काळी अस्वलं, होक्काइदोत तपकिरी अस्वलं आणि माकड नाहीच. या सीमेला आजही ‘ब्लॅकिस्टन रेषा’ म्हणतात. मासे खाणाऱ्या त्या अवाढव्य घुबडालाही त्याचंच नाव आहे. सुरंगी, तुझे बाबा बोगद्यातून जाताना ही रेषा समुद्राच्या खालून ओलांडणार आहेत!

शिवाय हाकोदाते डोंगर १८९० च्या दशकाअखेरपासून लष्कराच्या ताब्यात होता, तोफा बसवल्या होत्या, सामान्य माणसाला वर जायला बंदी. १९४६ मध्ये खुला झाला. जवळजवळ पन्नास वर्षं कोणी झाड तोडलं नाही. ३३४ मीटरचा तो डोंगर शहराला खेटून इतका हिरवा का, याचं उत्तर हे.

चकलीचा सोऱ्या

होक्काइदोत माकड नाही? मग युनोकावाच्या गरम पाण्यात डुंबणाऱ्या माकडांचे फोटो मी कुठले पाहिले?

पिंगळा

ती तिथल्या वनस्पती उद्यानात पाळलेली. डिसेंबरपासून मेच्या सुरुवातीपर्यंत त्यांच्यासाठी कुंडात गरम पाणी सोडतात. रानटी नव्हेत. ऑक्टोबरात ती नुसतीच माकडं असतात, त्यासाठी इतक्या लांब जायला नको.

सोलकढी

शाकाहाराचं कोणी बोललंच नाही, म्हणून मी. हाकोदाते म्हणजे स्क्विड, खेकडे, समुद्री साळी (सी अर्चिन) आणि मिठाचं रामेन, ज्याचा रस्सा मांसाचाच. स्टेशनसमोरचा सकाळचा बाजार आईबाबांना दाखवायचा की नाही ते तुम्ही ठरवा. टाकीतून जिवंत स्क्विड गळाने पकडायचा आणि तिथेच कापून खायचा हा तिथला खेळ आहे. माझ्या सासूबाई पाच मिनिटांत बाहेर. खरबूज आणि मक्याच्या कणसांच्या गाळ्यावर मात्र त्या रमल्या, पण तो उन्हाळा होता.

जपानी जेवणात अडचण मांसापेक्षा रश्श्याची. वरून भाज्या दिसतात, पण खाली ‘दाशी’ असते ती सुक्या बोनितो माशाची. सोबा आणि उदोन या शेवया, मिसो सूप, तेम्पुऱ्याबरोबरचं पाणी, सगळ्यात. गंमत म्हणजे दुसऱ्या प्रकारची दाशी कोम्बू या समुद्री शेवाळाची असते, पूर्ण शाकाहारी, आणि देशातला अव्वल कोम्बू हाकोदातेच्याच किनाऱ्यावर, मिनामिकायाबेच्या बाजूला निघतो. पूर्वी जहाजांनी तो पार ओसाकापर्यंत जायचा. तर नुसती कोम्बूची दाशी करून द्याल का, असं आधी फोन करून विचारलं तर कोणी हो म्हणू शकतं. हा फोन जपानीतच करावा लागतो. माझ्या मते गाइडच्या पैशांतला सर्वांत उपयोगी खर्च तो.

आणि एक. तिथे ‘याकितोरी बेंतो’ (काडीवर भाजलेल्या मांसाचा डबा) मागवलात तर डुक्कर येतं. बाकीच्या जपानात याकितोरी कोंबडीची, हाकोदातेत पोर्कची. मांसाहारी पण पोर्क न खाणाऱ्यांनी लक्षात ठेवा.

बंदरावरची काकू

आम्ही क्रूझने गेलो होतो. हल्ली जहाज स्टेशनच्या जवळच्या धक्क्यालाच लागतं, उतरून चालत बाजारात. बोटीवरची सहल घेतली नाही, खासगी गाइड घेतला. पन्नास जणांच्या झेंड्यामागे पळण्यापेक्षा शंभर पटींनी बरं. पण क्रूझवाल्यांनी एकच पाहावं, मोतोमाची किंवा गोर्योकाकु. दोन्ही करायला गेलं की जीव जहाजात अडकलेला राहतो.

सुरंगी

सगळ्यांना धन्यवाद. वाचून घरात चर्चा झाली (म्हणजे बाबा बोलले, बाकीच्यांनी ऐकलं). सकाळचे चार तास गाइड, दुपारनंतर आपले आपण, असं ठरतंय. गाइडबाई परवानाधारक आहेत, अर्ध्या दिवसाला तयार आहेत. कासाईकरदादा, चार तासांत काय बसवू? आणि डोंगरावर रात्री गाइड लागेल का?

कासाईकर

रात्रीच्या देखाव्याला गाइड नको. वर जायचं, पाहायचं, उतरायचं. तिथे सांगण्यासारखं एवढंच की हा डोंगर एके काळी बेट होता, मध्ये वाळू साचत गेली आणि मुख्य जमिनीशी जोडला गेला. त्या वाळूवर शहर वसलं, म्हणून दोन्हीकडे काळा समुद्र आणि मध्ये डमरूच्या कमरेसारखी दिव्यांची पट्टी दिसते.

महत्त्वाचं: रोपवे वर्षातून एकदा देखभालीसाठी बंद असतो, बहुधा शरदातच. तुझ्या तारखा आजच तपासून घे. बंद असला तरी बस आणि टॅक्सी डोंगररस्त्याने वर जातात. भाड्याची मोटार घेऊन जाणाऱ्यांना मात्र संध्याकाळी वर सोडत नाहीत, गर्दीमुळे. हिवाळ्यात उलटं, रस्ता बंद आणि रोपवे चालू. ऑक्टोबरच्या मध्याला पाचच्या सुमारास सूर्य मावळतो. अंधार पडताना वर असायला हवं, म्हणजे साडेचारला निघा. सात वाजता गेलात तर टूरच्या बसगाड्या आणि माणसांची डोकी दिसतील.

चार तासांचं: ट्राम थांबते खाली आणि मोतोमाचीतलं सगळं वर. नकाशात हे कळत नाही आणि माणसं प्रत्येक उतार दोनदा चढतात. तुम्ही टॅक्सीने थेट वर, जुन्या सार्वजनिक सभागृहाशी उतरा. तिथून डोंगराच्या कडेकडेने आडवा रस्ता आहे, जवळजवळ सपाट. त्याच रस्त्यावर हाचिमान-झाकाचा माथा लागतो (सरळ बंदरात उतरणारा, फोटोतला), पुढे चर्चेसचा पुंजका. मग एकदाच खाली उतरायचं. दुपारी ट्रामने गोर्योकाकु. ट्राम थांब्यापासून किल्ला दहा-पंधरा मिनिटं चालत, सपाट.

भटकभवानी

हा मार्ग मी पण लिहून घेतला. फुकटात. 😄

तोरणा७६

सुरंगी, परत आल्यावर लिही. इथे विचारून जातात आणि गडप होतात लोक.

सुरंगी

गडप झाले नाही! जाऊन आलो. दिवाळीच्या फराळाच्या गडबडीत लिहायला उशीर झाला.

कासाईकरदादांचा मार्ग जवळजवळ तसाच वापरला. गाइडबाई साठीच्या, हॉटेलच्या दिवाणखान्यात वेळेआधी हजर. त्यांनी आधी नकाशा काढला नाही, आईला विचारलं की पायऱ्या चढताना त्रास होतो की उतरताना. आई म्हणाली उतरताना. मग शेवटचा उतारही टॅक्सीनेच करायचं तिथल्या तिथे ठरलं. आम्हाला, आपल्याच लेकी-जावयाला, हे विचारायचं सुचलं नव्हतं.

सभागृह १९१० चं, निळसर राखाडी आणि पिवळ्या रंगाचं, गॅलरीतून सगळं बंदर दिसतं. १९०७ च्या आगीत आधीचं जळलं, तेव्हा सोमा तेप्पेइ नावाच्या व्यापाऱ्याने पन्नास हजार येन दिले, ज्याचं स्वतःचंही खूप जळालं होतं. हाकोदातेत कुठल्याही गोष्टीची सुरुवात आगीपासून होते हे तासाभरात कळलं. रस्ते एवढे रुंद का? १८७८-७९ च्या आगींनंतर, आग एका बाजूहून दुसरीकडे उडू नये म्हणून. देऊळ सिमेंटचं का? तेही आगीमुळेच, हिगाशी होंगान-जी, १९१५, कॉंक्रीटच्या पहिल्यावहिल्या जपानी देवळांपैकी. रस्त्यात एक चौकोनी, वर निमुळता होत जाणारा विजेचा खांब आहे, १९२३ चा, देशातला सर्वांत जुना कॉंक्रीटचा खांब. एरवी ढुंकूनही पाहिला नसता. १९३४ ची आग सर्वांत भयंकर, दोन हजारांवर माणसं गेली. बाईंनी जुने फोटो एका वहीत चिकटवून आणले होते. आपण उभे आहोत त्याच उतारावरचा जळका फोटो समोर धरायच्या. फक्त बोलून हे झालं नसतं.

मला स्वतःला आवडली ती घरं. खालचा मजला जपानी, लाकडी जाळीचा. वरचा मजला पाश्चात्त्य, रंगवलेल्या फळ्या आणि उभ्या खिडक्या. एकाच घराला दोन चेहरे. इथल्या लोकांनी काही दशकांपूर्वी या घरांचा रंग घासकागदाने थोडा थोडा घासून पाहिला, तर आत वर्तुळावर वर्तुळं, प्रत्येक पिढीचा वेगळा रंग. त्यावरून कुठल्या काळात गाव कुठल्या रंगाचं होतं याचा त्यांनी अभ्यास केला. हे ऐकल्यावर नवऱ्याने पुढचा तासभर फक्त खिडक्यांच्या चौकटींचे फोटो काढले.

चर्चेसमध्ये रशियन ऑर्थोडॉक्स सर्वांत देखणं, पांढरं, हिरव्या घुमटांचं. मूळ १८६० चं, रशियन वकिलातीसाठी, आताची इमारत १९१६ ची. १८६१ मध्ये इथे आलेला तरुण पाद्री निकोलाय पुढे टोकियोला गेला, त्याच्या नावाचं मोठं चर्च तिथे आहे, ते आम्ही आधीच पाहिलं होतं, पण दुवा इथे जुळला. आत फोटो काढू देत नाहीत.

आता बाबा. त्यांच्यासाठी बाईंनी स्वतःहून माशू-मारू सुचवली. ही जुनी फेरीबोट स्टेशनमागे कायमची बांधून ठेवली आहे, आता संग्रहालय. बोगदा होण्याआधी आओमोरी ते हाकोदाते अशा बोटी चालायच्या, जवळजवळ चार तास लागायचे, आणि बोटीच्या पोटात रूळ होते! मालगाडीचे डबे सरळ आत ढकलायचे. १९५४ च्या सप्टेंबरात तोया-मारू ही बोट वादळात बुडून अकराशेहून जास्त माणसं गेली, त्यानंतर बोगद्याच्या मागणीला जोर आला. १३ मार्च १९८८ ला बोगदा सुरू झाला आणि त्याच दिवशी बोटींची नियमित सेवा संपली. बाई लहानपणी त्या बोटीने आजोळी जायच्या. बाबांनी डबे बांधायच्या साखळ्यांपासून रूळ जोडायच्या पद्धतीपर्यंत इतकं विचारलं की बाईंनी तिथल्या एका वयस्क कर्मचाऱ्यालाच बोलावलं. दोघं रेल्वेवाले, मध्ये बाई दुभाषी. तासभर. आमच्या वेळापत्रकाचे बारा वाजले, पण मी गप्प बसले. अख्ख्या जपानात बाबा एवढे खूश मी पाहिले नाहीत.

जेवणाचं: सोबाच्या दोन दुकानांनी कोम्बूच्या रश्श्याला नम्रपणे नाही म्हटलं. तिसऱ्या ठिकाणी भाज्यांचा तेम्पुरा पाण्याऐवजी मिठाबरोबर आणि साधा भात मिळाला. पिठात अंडं नको हेही बाईंनीच सांगितलं होतं. तेल मात्र मासे तळलेलंच असणार, ज्यांना ते चालत नाही त्यांनी ठेपले न्या. आम्हीही नेले होते, उपयोगी पडले. सॉफ्ट आइस्क्रीमवर बाबांनी उरलेली भूक भागवली.

दुपारी ट्रामने गोर्योकाकु. नशिबाने जुन्या वळणाची ‘हायकारा’ ट्राम मिळाली. १९१० चा डबा, मधली बरीच वर्षं रुळांवरचा बर्फ झाडायच्या कामाला लावलेला, १९९३ मध्ये पुन्हा सजवून प्रवाशांसाठी सोडला. १०७ मीटरच्या मनोऱ्यावरून मोडीवाचककाकांचा तो एकुलता एक त्रिकोणी बुरूज शोधला, सापडला. आतली जुनी कचेरी १८७१ मध्ये पाडली होती, २०१० मध्ये जुन्या पद्धतीने काही भाग पुन्हा बांधलाय. तिथे बूट काढून फिरायचं, आई खूश.

रोपवे खरोखरच बंद होता त्या आठवड्यात. बसने गेलो, वळणावळणावर दिवे दिसत होते, उलट बरंच वाटलं. वर प्रचंड वारा. कानटोपी न्याच.

मोडीवाचक

बुरूज सापडला हे वाचून बरं वाटलं. माशू-मारूवर दुभाषी लावून गप्पा, यासाठीच गाइड!

भटकभवानी

माझं मत कायम आहे. पण तुमच्या बाबांचा भाग वाचून मलाच एकदा माझ्या बाबांना घेऊन जावंसं वाटलं, ते बेस्टमध्ये होते. ट्राम पाहून वेडे होतील.

चकलीचा सोऱ्या

आम्ही फेब्रुवारीत जातोय, सोबत आठ वर्षांचा मुलगा. गाइड घेतला तर चार तास थंडीत चालवतील का? माकडं बघायची आहेतच.

कासाईकर

फेब्रुवारीत मोतोमाचीचे उतार बर्फाने गुळगुळीत होतात, तिथली माणसंही रेलिंग धरून उतरतात. बुटांना खालून बांधायचे काटे मिळतात, ते पहिल्याच दिवशी घ्या, मुलाच्या मापाचेही. गाइडला सांगा की बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, बाकी सभागृह, माशू-मारू, मनोरा असं छपराखालचं. संध्याकाळी गोर्योकाकुच्या खंदकाभोवती दिवे लावलेले असतात, वरून पूर्ण तारा उजळलेला दिसतो, पण हा कार्यक्रम फेब्रुवारीअखेरीपर्यंतच, तारखा पाहून घ्या. माकडांना गाइड नको, ट्रामने शेवटच्या युनोकावा थांब्यावर उतरा, तिथून टॅक्सी किंवा थोडं चालत. सकाळी जा, उद्यान उघडल्या उघडल्या पाण्यात गर्दी असते. माकडांची म्हणतोय.